चौदा आकड्यांची साक्ष

१७ जुलै २०१४. मलेशिया एअरलाइन्सचे एमएच-१७ हे विमान पूर्व युक्रेनवर पाडले गेले आणि २९८ जण मृत्युमुखी पडले. त्याच दुपारी तिथल्या रशियासमर्थक बंडखोरांचा नेता स्ट्रेलकोव्ह याच्या नावाने चालणाऱ्या वेबपानावर, तोरेझजवळ एएन-२६ हे लष्करी मालवाहू विमान पाडल्याची फुशारकी झळकली. पडलेले विमान प्रवासी होते हे कळल्यावर मजकूर गायब झाला. पण तोवर त्याची नक्कल सॅन फ्रान्सिस्कोच्या इंटरनेट अर्काइव्हकडे पोहोचली होती.

त्या नकलेच्या पत्त्यात २०१४०७१७१५२२२२ हे चौदा आकडे आहेत : वर्ष, महिना, दिवस, तास, मिनिट, सेकंद. वेळ ग्रिनिचची, दुपारचे ३ वाजून २२ मिनिटे. विमान कोसळून जेमतेम दोन तास झाले होते. (भारतीय वेळेसाठी साडेपाच तास मिळवायचे.)

ब्रूस्टर केल यांनी १९९६मध्ये इंटरनेट अर्काइव्ह ही संस्था काढली. तिचे 'वेबॅक मशीन' २००१पासून सर्वांना खुले आहे. 'क्रॉलर' नावाचे प्रोग्राम दुव्यामागून दुवा धरत पाने उतरवून घेतात. मात्र मजकूर एका वेळी उतरतो, त्यातले छायाचित्र कधी दुसऱ्याच दिवशी. जुने पान उघडले की यंत्र हे तुकडे जुळवून दाखवते, त्यामुळे बातमी जूनची आणि शेजारचे चित्र ऑगस्टचे असू शकते. पुरावा म्हणून पान वापरणाऱ्याने प्रत्येक तुकड्याची वेळ तपासलीच पाहिजे. आणि नक्कल सापडली नाही, म्हणून पान नव्हतेच असे म्हणता येत नाही. लॉगिनच्या आड असलेल्या पानांपर्यंत क्रॉलर सहसा पोहोचत नाही.

मराठीची अडचण आणखी वेगळी. युनिकोड रुळण्यापूर्वी आपली अनेक संकेतस्थळे आपापला फाँट वापरत. त्यात इंग्रजी अक्षरांच्या जागी देवनागरीची वळणे बसवलेली असत. आज ते पान उघडले आणि तो फाँट संगणकावर नसला, तर बातमीऐवजी रोमन अक्षरांचा नि चिन्हांचा गिचमिडा दिसतो. मजकूर जपला गेला, वाचण्याची किल्ली हरवली. ते जुने फाँट जमवून ठेवणे हे मला पाने जपण्याइतकेच निकडीचे वाटते.

वेबॅक मशीनवर 'सेव्ह पेज नाऊ' अशी सोय आहे. तिथल्या चौकटीत पत्ता टाकला की त्या क्षणाची नक्कल घेतली जाते. गावच्या वाचनालयाचे, बंद पडू घातलेल्या नियतकालिकाचे संकेतस्थळ अजून उघडत असेल, तर त्याचा पत्ता आजच तिथे टाका.