बोले बोलले, पाणी हाललं

दादर पश्चिमेला सिद्धिविनायकाच्या वाटेवर एस. के. बोले रोड लागतो. नाव रोज हजारोंच्या तोंडी. माणूस मात्र विस्मरणात. हे रावबहादूर सीताराम केशव बोले. भंडारी समाजातले, मुंबईच्या कायदे कौन्सिलातले सभासद. त्यांची ही थोडी ओळख.

१९०७ साल. भीमराव आंबेडकर मॅट्रिक झाला, त्याचं अप्रूप इतकं की सत्काराची सभा भरली. केळुसकर गुरुजींनी स्वतः लिहिलेलं बुद्धचरित्र त्याच्या हाती ठेवलं. हा प्रसंग शाळकरी पोरांनाही ठाऊक असतो. त्या सभेच्या अध्यक्षपदी कोण होतं? बोलेच!

दोन वर्षांनी, १९०९ मध्ये, त्यांनी सहकाऱ्यांसह कामगार हितवर्धक सभा काढली. गिरण्यांत विजेचे दिवे आले होते आणि दिवस मावळला तरी साचे थांबत नव्हते. १९११ च्या फॅक्टरी कायद्याने पुरुषांना दिवसाला जास्तीत जास्त बारा तास काम ठरवलं. बारा तास ही तेव्हा सवलत होती, बरं का!

एका लग्नाची दोनदा दक्षिणा, हा प्रकार ऐकलाय? तुम्ही विधी आपल्या पसंतीच्या माणसाकडून करून घेतलात, तरी गावचा वतनदार जोशी कोर्टात जाऊन आपला हक्क वसूल करू शकत असे. बोल्यांनी कौन्सिलात बिल आणलं आणि १९२६ मध्ये कायद्यानं हा हक्क मोडीत निघाला. त्याच वर्षी दादरच्या सार्वजनिक गणपतीत अस्पृश्यांनाही पूजेचा मान हवा, म्हणून प्रबोधनकार ठाकऱ्यांनी रान उठवलं. त्यातही बोले सोबत होतेच.

पण त्यांचं खरं मोठं काम ४ ऑगस्ट १९२३ चं. त्या दिवशी कौन्सिलात त्यांचा ठराव मंजूर झाला : सरकारी किंवा सार्वजनिक पैशातून बांधलेल्या, चालवलेल्या विहिरी, पाणवठे, धर्मशाळा, शाळा, कचेऱ्या, दवाखाने अस्पृश्यांना खुले व्हावेत. ११ सप्टेंबरला सरकारनं खातेप्रमुखांना तसं कळवलंही. महाडच्या नगरपालिकेनं १९२४ मध्ये चवदार तळं खुलं केल्याचा ठराव केला. कागदावर सगळं झालं. तळ्यावर घागर घेऊन जायची हिंमत मात्र कुणाला होत नव्हती.

बोले गप्प बसले नाहीत. ५ ऑगस्ट १९२६ ला ते दुसरा ठराव घेऊन उभे राहिले : जी नगरपालिका, जे लोकल बोर्ड हे मानणार नाही, त्याचं सरकारी अनुदान बंद करा. नाडी बरोबर ओळखली होती त्यांनी! पटवून ऐकत नाहीत, तर पैशानं ऐकतील.

शेवटी तो कागद जिवंत केला लोकांनी. २० मार्च १९२७, महाड. अस्पृश्यांच्या परिषदेचा मांडव सोडून हजारो माणसं रांगेनं भर पेठेतून निघाली, तळ्याच्या पायऱ्या उतरली आणि बाबासाहेबांनी ओंजळभर पाणी प्यायलं. वीस वर्षांपूर्वी बोल्यांच्या अध्यक्षतेखाली ज्याचा सत्कार झाला, तोच मुलगा बोल्यांच्या ठरावानं दिलेला हक्क बजावत होता. हे वाचताना अजून अंगावर काटा येतो.

पुढचं वाचवत नाही. परतणाऱ्या लोकांवर हल्ले झाले. तळं ‘बाटलं’ म्हणून त्यात १०८ घागरी पंचगव्य ओतून ‘शुद्धी’ केली गेली. मग नगरपालिकेनं आपला ठरावच मागे घेतला. तारीख कोणती? ४ ऑगस्ट १९२७. बोल्यांच्या ठरावाला त्या दिवशी बरोबर चार वर्षं झाली होती.

प्रकरण कोर्टात गेलं, नऊ वर्षांहून जास्त चाललं. १७ मार्च १९३७ ला हायकोर्टानं निकाल दिला : चवदार तळ्याचं पाणी भरण्याचा हक्क अस्पृश्यांनाही आहे.