एका आजारपणासाठी हलणारी फौज

पायदळात बदली बहुतेकदा एकट्या माणसाची होत नाही, अख्ख्या पलटणीची होते. मराठा लाइट इन्फंट्रीची एखादी बटालियन ठाणे सोडते तेव्हा भांड्याकुंड्यांपासून हत्यारांपर्यंत सारे बरोबर घेऊन आठशेच्या आसपास माणसे निघतात. काही वर्षे फील्ड म्हणजे सरहद्दीकडची नेमणूक, मग पीस म्हणजे शांत ठाणे, मग पुन्हा फील्ड. एवढ्या अवाढव्य रहाटगाडग्यात पाटण तालुक्यातल्या एखाद्या आईच्या निकामी झालेल्या मूत्रपिंडाची दखल कोण घेणार? पण फौज ती घेते, आणि मला याचे फार अप्रूप वाटते.

या दुखण्याला रजा पुरत नाही. जवानाला वर्षाला 60 दिवसांची वार्षिक आणि 30 दिवसांची नैमित्तिक रजा असते. डायलिसिस मात्र आठवड्यातून साधारण तीनदा, दर खेपेला सुमारे चार तास. वर्षाच्या दीडशेहून अधिक खेपा होतात. सगळी रजा एकदम घेतली तरी तीन महिन्यांत ती संपते, डायलिसिस चालूच राहते. घरी दुसरे कर्ते माणूस नसेल तर आईला दवाखान्यात न्यायचे कोणी? अशा वेळी जवान ‘कम्पॅशनेट ग्राउंड’वर, म्हणजे घरच्या गंभीर अडचणीपायी, घराजवळ पोस्टिंग मागतो.

त्याचा अर्ज कंपनी कमांडरकडून कमांडिंग ऑफिसर म्हणजे सीओ साहेबांकडे जातो आणि तिथून रेकॉर्ड ऑफिसला. मराठा पलटणींचे हे ऑफिस बेळगावला आहे. जवान सियाचीनला असो की तवांगला, त्याच्या नोकरीचा सारा लेखाजोखा तिथे असतो. दवाखान्याचे दाखले तपासले जातात. घरची परिस्थिती खरोखर तशी आहे का, याची शहानिशा जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयामार्फत करून घेता येते. सरहद्दीवरच्या एका अर्जापायी कोणीतरी गावात जाऊन त्या घराची चौकशी करते, हे मला थोर वाटते.

खरी अडचण यापुढे येते. घराजवळ त्याच हुद्द्याची, त्याच ट्रेडची जागा रिकामी हवी. क्लार्कच्या जागी ड्रायव्हर चालत नाही. पलटण तर गावाजवळ आणता येत नाही, म्हणून जवानालाच काही काळ पलटणीबाहेर, ईआरईवर (एक्स्ट्रा रेजिमेंटल एम्प्लॉयमेंट) पाठवतात. एनसीसीची बटालियन, भरती कार्यालय, प्रशिक्षण केंद्र ही अशी ठिकाणे. कोल्हापूरला एनसीसीही आहे आणि सैन्यभरतीचे कार्यालयही. पुण्याच्या आसपास जागा मिळाली तर कमांड हॉस्पिटल जवळ पडते, आणि जवानावर अवलंबून असलेल्या आईवडिलांनाही लष्करी रुग्णालयात उपचार मिळतात.

पण एक जवान खाली आला की वरच्या चौकीवरचे त्याचे काम दुसऱ्याच्या अंगावर पडते. त्या दुसऱ्याच्या घरीही म्हातारे आईवडील असतात. एवढी तपासणी का आणि अशी पोस्टिंग ठरावीक मुदतीचीच का, याचे उत्तर मला यात दिसते. ही काटेकोर तपासणी जाचक वाटली तरी न्याय्यच आहे.

अमेरिकेत तर ही खातरजमा फौजेबाहेरची संस्था करते. घरचे लोक रेड क्रॉसला कळवतात, रेड क्रॉस डॉक्टरांकडून खात्री करून घेते आणि मग निरोप सैनिकाच्या वरिष्ठांकडे पोहोचतो.

आपल्याकडे ही पोस्टिंग हक्क म्हणून मागता येत नाही. सैनिकांच्या नोकरीविषयक तक्रारींसाठी 2007च्या कायद्याने सशस्त्र दल न्यायाधिकरण उभे राहिले, पण त्याच कायद्याने बदल्या आणि रजा हे विषय त्याच्या कक्षेबाहेर ठेवले. उच्च न्यायालयाचे दार उघडे आहे, मात्र सैनिकांच्या बदल्यांत न्यायालये सहसा हात घालत नाहीत. म्हणून सारी भिस्त उरते ती सीओ साहेबांच्या माणुसकीवर आणि जवानाच्या कागदांवर.

त्यातले कागद घरच्यांच्या हाती आहेत. तुमच्या घरचे कोणी फौजेत असेल आणि मागे मोठे दुखणे आले असेल, तर नुसते फोनवर रडू नका. निदान, उपचार आणि ते किती काळ चालणार, हे डॉक्टरांकडून सहीशिक्क्यानिशी लिहून घ्या, एक प्रत मुलाकडे पाठवा आणि दुसरी घेऊन जिल्हा सैनिक कल्याण कार्यालय गाठा.