तडजोड झाली, भिंत मात्र तिथेच

बँकेच्या नोकरीत तारणाची कागदपत्रे तपासण्यात माझी बरीच वर्षे गेली. बाजारपेठेच्या एका गावी असताना धान्याच्या एका अडत्यांचा कर्जाचा अर्ज आला. वखारीची मिळकत पत्रिका स्वच्छ होती, करपावत्या वेळच्या वेळी भरलेल्या होत्या. सोबत दिवाणी न्यायालयाच्या एका हुकूमनाम्याची नक्कल होती. शेजाऱ्याने हद्द ओलांडून अडीच फूट आत भिंत बांधली होती. दावा सात वर्षे चालला आणि अखेर तडजोड झाली, की शेजाऱ्याने सहा महिन्यांत ती भिंत स्वखर्चाने पाडावी. न्यायाधीशांची सही झाली, पेढे वाटले गेले, कागद तिजोरीत गेला. मी जागा पाहावयास गेलो तेव्हा हुकूमनाम्याला पाच वर्षे होऊन गेली होती आणि भिंत जागच्या जागी होती.

‘‘शेजारधर्म म्हणून थांबलो,’’ शेठजी म्हणाले. ‘‘कोर्टाचा कागद हाती आहेच ना, साहेब!’’

कागद होता, पण त्याची मुदत सरली होती. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठी साधारणतः बारा वर्षे मिळतात, हे पुष्कळांना ठाऊक असते. परंतु अमुक बांधकाम पाडा, अमुक गोष्ट करून द्या, असा आदेशात्मक मनाई हुकूम असेल, तर 1963 च्या मुदतीच्या कायद्यानुसार दरखास्त तीनच वर्षांत दाखल करावी लागते. तडजोडीत तारीख ठरली असेल तर त्या तारखेपासून, नसेल तर हुकूमनाम्याच्या दिनांकापासून ही तीन वर्षे मोजतात. झालेला उशीर माफ करण्याची सवलत अशा दरखास्तीला नाही. शेठजींच्या तडजोडीत ‘त्या पट्टीचा ताबा द्यावा’ एवढे एक वाक्य अधिक असते, तर ताब्यासाठी बारा वर्षे हाती राहिली असती. कायमस्वरूपी मनाईला, म्हणजे ‘पुन्हा अतिक्रमण करू नये’ अशा हुकुमाला, मात्र मुदतीचे बंधन नाही.

वास्तविक न्यायालयासमोर झालेली तडजोड हा फार बळकट दस्तऐवज आहे. ती लेखी व उभयपक्षी सह्यांची असावी लागते. तिच्यावर झालेल्या हुकूमनाम्याविरुद्ध अपील चालत नाही, आणि ती बेकायदेशीर होती म्हणून नवा दावाही लावता येत नाही. तक्रार असेल तर त्याच न्यायालयाकडे जावे लागते. लोकअदालतीच्या निवाड्यालाही हुकूमनाम्याचेच बळ असते, शिवाय भरलेले न्यायशुल्क परत मिळते. शेजारी पालटला, त्याने जागा विकली किंवा वारस आले, तरी हुकूम त्यांना बांधून ठेवतो. प्रतिवादी मुद्दाम टाळाटाळ करू लागल्यास त्याची मिळकत जप्त होऊ शकते, त्याला दिवाणी कैदेत ठेवता येते. किंवा न्यायालय आपल्या माणसाकडून भिंत पाडून घेऊन खर्च त्याच्याकडून वसूल करू शकते. दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढावी आणि विलंब झाल्यास कारणे लिहावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने 2021 साली खालच्या न्यायालयांना बजावले आहे.

पण दरखास्तीचे न्यायालय हुकूमनाम्याच्या शब्दांपलीकडे जात नाही. ‘परस्पर संमतीने हद्द कायम करावी’ असे मोघम लिहिलेले असेल, तर बेलिफाने दोरी कोठे धरावी? भूमी अभिलेख कार्यालयाकडून आधी मोजणी करून घ्यावी. तिचा नकाशा तडजोडीला जोडून त्यावर दोघांच्या सह्या घ्याव्यात. हद्दीच्या खुणा, फुटांत अंतर, कामाची तारीख आणि खर्च कोणाचा, हे सारे लिहावे. आपले व्यापारी घराणे हुंडीची तारीख विसरत नाही, आणि इथे मात्र तारीखच लिहीत नाही! दाव्यात नसलेली एखादी जागा तडजोडीत देत-घेत असाल, तर त्या भागाची नोंदणी करावी लागते. पुष्कळदा ही बाब राहून जाते. न्यायालयाची प्रमाणित प्रत मिळताच सिटी सर्व्हे वा तलाठी कार्यालयात नोंदीसाठी द्यावी.

शेठजींच्या वकिलांनी फाइल दोनदा वाचली आणि मान हलवली. मूल्यांकनातून ती अडीच फुटांची पट्टी वगळावी लागली, कर्जाची रक्कम तेवढी उतरली. पुढे त्यांनी ती पट्टी नोंदणीकृत खरेदीखताने शेजाऱ्यालाच विकली. भाव शेजाऱ्याने सांगितला तो घ्यावा लागला.