देव न मानणाऱ्याची नीती

आपल्या उज्जयिनीत शिप्रेच्या घाटावर स्नानास येणारे भाविक पाहिले, की एक जुना प्रश्न मनात येतो: ज्याला पुण्याची आशा नाही व नरकाचे भय नाही, त्याने सन्मार्गाने का चालावे?

गोपाळ गणेश आगरकरांनी या प्रश्नाचे उत्तर आचरणाने दिले. १८५६ साली कऱ्हाडजवळ टेंभू येथे जन्मलेले आगरकर मिल व स्पेन्सर यांच्या विचारांनी घडले. ते अज्ञेयवादी होते. नीतीचा आधार त्यांनी विवेकात व मनुष्याच्या सुखदुःखात शोधला. रूढीला शास्त्राधार आहे काय, यापेक्षा तिच्यामुळे कोणाचे हित होते, हे ते आधी पाहत. म्हणूनच १८८८ साली काढलेल्या ‘सुधारक’ पत्रातून त्यांनी बालविवाह, केशवपन यांवर कोरडे ओढले. एम. ए. होऊनही अल्प वेतनावर शिक्षकी पत्करली. विरोधकांनी जिवंतपणीच त्यांची प्रेतयात्रा काढली; लेखणी थांबली नाही. १८९५ साली, चाळिशी गाठण्यापूर्वीच, ते निवर्तले.

मी स्वतः ख्रिस्ती, ईश्वर मानणारा. तरीही आगरकर शिकविताना स्वतःस विचारतो: पापपुण्याचा हिशेब ठेवणारा कोणी नसता, तरी मी खरेच बोललो असतो काय? प्रत्येक श्रद्धावंताने हा प्रश्न स्वतःस एकदा तरी विचारावा.