काट्यावर न आलेला प्रेक्षक

पिंपळगाव बसवंतच्या बाजार समितीत कांद्याचा ट्रॅक्टर शिरला म्हणजे पुढचा सारा क्रम शेतकऱ्याला पाठ असतो. आधी लिलाव, मग काट्यावर वजन, आणि शेवटी हातात पडणारी हिशोबपट्टी. भाव चढो की पडो, माल किती गेला आणि कितीला गेला, एवढे तरी त्या कागदावर असते. चित्रपटाच्या धंद्यातही अशीच एक पट्टी असते. चोरीचा चित्रपट जो काही घोटाळा करतो तो मुख्यतः त्या पट्टीत. “मोबाइलवर फुकट पाहिला तर कुणाचं काय गेलं?” असा प्रश्न आपल्याकडे सर्रास विचारला जातो, आणि विचारणारी माणसे काही वाईट नसतात. त्या प्रश्नाचे उत्तर आज थोडे सविस्तर पाहू.

ज्या जिल्ह्यात आपण राहतो तो चित्रपटाला परका नाही. दादासाहेब फाळके १८७० साली त्र्यंबकेश्वरला जन्मले. ‘राजा हरिश्चंद्र’ त्यांनी १९१३ साली मुंबईत दाखवला, आणि त्यानंतर आपला सारा पसारा नाशिकला हलवला. १९४४ साली ते नाशिकलाच वारले. त्यांच्या काळी चित्रपट म्हणजे डब्यात भरलेली फिल्म. डबा ज्याच्या हाती, खेळ त्याचा. तो चोरायचा तर डबाच पळवायला हवा, किंवा नवी प्रत काढायला रसायनशाळा हवी. चोरी महाग होती म्हणून ती कमी होती. लोक जास्त सज्जन होते असे मानण्याचे कारण नाही.

पुढे व्हिडीओ कॅसेट आली आणि चोरी स्वस्त झाली. गावोगाव भाड्याने व्हीसीआर आणून रात्रभरात तीन-तीन चित्रपट पाहणारी पिढी अजून आपल्यात आहे. त्या कॅसेटींच्या नकला इतक्या बोकाळल्या की १९८४ साली कॉपीराइट कायदा दुरुस्त करून शिक्षा वाढवावी लागली. मग सीडी आली, मग मेमरी कार्ड, आणि आता नुसता दुवा. नक्कल करण्याचा खर्च उतरत उतरत शून्यावर आला. मूळ चित्रपट काढण्याचा खर्च मात्र उतरला नाही. सगळी अडचण या दोन वाक्यांत आहे.

‘सैराट’चेच उदाहरण घ्या. नागराज मंजुळे यांचा हा चित्रपट २९ एप्रिल २०१६ रोजी लागला. स्वस्त इंटरनेटची लाट अजून चार-पाच महिने दूर होती; जिओची सेवा त्या वर्षी सप्टेंबरात सुरू झाली. तरीही चित्रपट चित्रपटगृहांत चालू असतानाच त्याच्या चोरट्या प्रती मोबाइलमध्ये फिरू लागल्या होत्या. शंभर कोटींच्या वर गल्ला जमवणारा तो पहिला मराठी चित्रपट ठरला, आणि तेव्हापासून एक युक्तिवाद कायमचा हाती लागला: “बघा, चोरी झाली तरी कमवायचा तो कमावतोच!” हे म्हणणे म्हणजे गारपिटीत एक बाग वाचली म्हणून गारा निरुपद्रवी ठरवण्यासारखे आहे. ‘सैराट’साठी लोक गाड्या करून तालुक्याच्या गावी गेले, पुन्हापुन्हा गेले. बहुतेक मराठी चित्रपटांना मोजके पडदे मिळतात, तेही आठवडा-दोन आठवडे. पहिल्या शुक्रवारपासून रविवारपर्यंत खुर्च्या भरल्या नाहीत तर सोमवारी खेळ कमी होतात. त्या तीन दिवसांत जी चोरटी प्रत बाहेर पडते ती अशा चित्रपटाचे कंबरडेच मोडते.

आता पट्टीकडे वळू. तिकिटाच्या पैशातून सरकारी कर जातो, चित्रपटगृहाचा वाटा जातो, वितरकाचा जातो. उरते ते निर्मात्याचे. पण त्याचा सगळा भरवसा यावर नसतो. दूरचित्रवाणीचे हक्क आणि इंटरनेटवरून दाखवण्याचे हक्क वेगळे विकले जातात, आणि त्यांचा भाव पुष्कळदा चित्रपटगृहातल्या आकड्यांवर ठरतो. इंटरनेटवाली कंपनी कधी ठोक रक्कम देते, तर कधी रक्कम न देता प्रेक्षकांनी किती वेळ चित्रपट पाहिला त्या हिशोबाने पैसे देते. म्हणजे बघा, तुम्ही अधिकृत ठिकाणी बसून दोन तास चित्रपट पाहिलात की ते दोन तास कुठेतरी नोंदले जातात. चोरीच्या प्रतीवर पाहिलेत तर ते नोंदले जात नाहीत. माल वखारीतून गेला, पण काट्यावर आलाच नाही. एखादा चित्रपट साऱ्या निफाड तालुक्याने पाहिलेला असतो, त्यातले संवाद पोरांच्या तोंडी असतात, आणि कागदावर तो पडलेला असतो! पुढच्या वेळी तोच दिग्दर्शक शेतकऱ्याच्या घरातली गोष्ट घेऊन गेला की पैसे लावणारा तो कागद पुढे करतो. “असल्या विषयाला प्रेक्षक नाही,” असे म्हणतो. प्रेक्षक होता हो, पण तो सिद्ध करायचा कशाने?

तेव्हा बडा निर्माता बुडतो की तरतो हा प्रश्न मला फारसा महत्त्वाचा वाटत नाही. आपल्या बोलीतला, आपल्या मातीतला पुढचा चित्रपट निघणार की नाही, हा मला महत्त्वाचा वाटतो.

कायदा काय म्हणतो तेही थोडक्यात सांगतो. १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यात २०२३ साली दुरुस्ती झाली. चित्रपटगृहात चोरून चित्रण करणाऱ्याला, आणि चोरीची प्रत नफ्यासाठी लोकांना दाखवणाऱ्याला, तीन महिने ते तीन वर्षे कैद आहे. दंड किमान तीन लाख रुपये, आणि तो निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत जाऊ शकतो. नफा न घेता प्रत पसरवणाराही अगदी मोकळा नाही. त्याच्यासाठी १९५७ चा कॉपीराइट कायदा आहे. नोव्हेंबर २०२३ मध्ये केंद्राने बारा अधिकारी नेमले. तक्रार आली की ४८ तासांत तो मजकूर काढायला लावायचा, हे त्यांचे काम. महाराष्ट्राने तर याही पुढचे पाऊल आधीच टाकले होते. झोपडपट्टी गुंड, हातभट्टीवाले यांना स्थानबद्ध करण्याचा १९८१ चा जो कायदा आहे, त्यात २००९ साली व्हिडीओची चोरी करणाऱ्यांची भर पडली. हातभट्टीवाल्याच्या पंगतीला चित्रपटचोर!

गंमत अशी की न्यायालयासमोर आरोपी उभा करायचा तर तो कोण हेच ठाऊक नसते. अशा अज्ञात माणसाविरुद्ध आदेश काढताना आपल्या न्यायालयांत ‘अशोक कुमार’ हे नाव घालण्याचा प्रघात आहे. नटाशी त्याचा संबंध नाही, बरे का. चोरीचे एक संकेतस्थळ बंद केले की तेच दुसऱ्या नावाने उघडते. म्हणून २०१९ साली दिल्ली उच्च न्यायालयाने अशा नव्या-नव्या नावांनाही जुनाच आदेश लागू करण्याची वाट काढली. तरी हा लपंडाव संपलेला नाही.

पण सगळा दोष प्रेक्षकाच्या माथी मारणे मला पटत नाही. पिंपळगावाहून नाशिक तीसेक किलोमीटर. चार माणसांचे जाणे-येणे, तिकिटे, वर खाणेपिणे. टोमॅटोचा हंगाम असला तर वेळ काढायचा कुठून? बरे, घरी पाहावा म्हटले तर एक चित्रपट एका कंपनीकडे, दुसरा दुसरीकडे, आणि प्रत्येकीची वर्गणी वेगळी. कित्येक चांगले जुने मराठी चित्रपट तर पैसे देऊनही कुठे मिळत नाहीत. जिथे हक्काचे दुकान नाही तिथे चोरबाजार भरणारच. चित्र हळूहळू पालटते आहे, हेही खरे. चैतन्य ताम्हाणे यांचा ‘द डिसायपल’ २०२१ साली नेटफ्लिक्सवर आला, तेव्हा तो नाशिकच्या आणि न्यू जर्सीच्या मराठी घराला एकाच दिवशी उपलब्ध झाला. त्याच वर्षी केवळ मराठीसाठी ‘प्लॅनेट मराठी’ सुरू झाले. प्रसार भारतीने नोव्हेंबर २०२४ मध्ये ‘वेव्हज’ आणले. त्यात मराठीही आहे आणि बरेचसे विनामूल्य आहे. यूट्यूबवर खुद्द हक्कदार कंपन्यांनी ठेवलेले पुष्कळ मराठी चित्रपट सापडतात. ते पाहायला पैसे पडत नाहीत. जाहिरातींतून पैसे हक्कदारापर्यंत पोहोचतात. म्हणजे फुकट आणि चोरीचे या दोन गोष्टी एक नव्हेत.

जुन्या चित्रपटांबद्दल आणखी एक सांगण्याजोगे. प्रदर्शनानंतरचे नवे वर्ष लागल्यापासून ६० वर्षे चित्रपटाचा हक्क टिकतो. १९३६ चा प्रभातचा ‘संत तुकाराम’ म्हणून केव्हाच मोकळा झाला आहे, आणि १९६४ पर्यंत प्रदर्शित झालेले इतर चित्रपटही. गीतांचा आणि संगीताचा हक्क मात्र निराळा. तो कवी-संगीतकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षे चालतो.

चोरीचा चित्रपट पाहण्यासाठी जे ‘ॲप’ कुणीतरी पाठवतो आणि ‘हे परस्पर टाकून घ्या’ म्हणतो, त्यापासून सावध राहा. ते आल्याबरोबर तुमचे संदेश वाचण्याची परवानगी मागते. द्राक्षांचे पैसे ज्या खात्यात येतात त्या बँकेचा सांकेतिक आकडाही त्या संदेशांतच येतो. चित्रपट फुकट वाटणाऱ्याला यात काय मिळते, याचा विचार करावा.

आता शेवटी गणेशमंडळांसाठी. घरची वर्गणी भरलेली आहे म्हणून चौकात पडदा लावून चित्रपट दाखवता येत नाही. ती वर्गणी घरच्यापुरती. सार्वजनिक खेळाला हक्कदाराची परवानगी स्वतंत्रपणे घ्यावी लागते. निर्मात्याचे किंवा वितरकाचे नाव चित्रपटाच्या सुरुवातीच्या पाट्यांवर असते. मंडळाच्या कागदावर तारीख, जागा, अंदाजे प्रेक्षकसंख्या आणि तिकीट नसल्याचा उल्लेख करून त्यांना लिहावे. पत्र चतुर्थीच्या आदल्या आठवड्यात न पाठवता आषाढातच पाठवलेले बरे.