माहितीपटातील जुने फुटेज : शोध आणि पडताळणी

माहितीपटात जुने कृष्णधवल दृश्य आले, की प्रेक्षक ते पुरावा म्हणून स्वीकारतात. त्यामुळे ते दृश्य नेमके कशाचे आहे, हे आधी तपासावे लागते. हे काम फुटेज संशोधकाचे. त्याचे चार टप्पे आपण पाहू.

१. शोध
ए. के. चेट्टियार या तमिळ पत्रकाराने १९३७ मध्ये महात्मा गांधींवर माहितीपट करायचे ठरवले. गांधीजींची दृश्ये अनेक देशांत विखुरलेली होती. चेट्टियारांनी सुमारे एक लाख मैल प्रवास करून सुमारे ५०,००० फूट फिल्म जमवली. माहितीपट १९४० मध्ये प्रदर्शित झाला. ३५ मिमी फिल्म बोलपटाच्या वेगाने मिनिटाला ९० फूट सरकते. त्या हिशेबाने हे फुटेज नऊ तासांहून अधिक होते.
आज शोधाची सुरुवात सूचीपासून होते : पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय (स्थापना १९६४), फिल्म्स डिव्हिजनचा संग्रह, ब्रिटिश पाथेसारख्या परदेशी न्यूजरील कंपन्या. शोधताना गावांची जुनी नावेही वापरा. 'पुणे' लिहून जे सापडत नाही, ते 'पूना' लिहून सापडू शकते.

२. पडताळणी
सूचीतील शीर्षक हा पुरावा नव्हे. समजा, 'दांडी यात्रा, १९३०' अशी नोंद असलेले दृश्य तुम्हाला मिळाले. यात्रा १२ मार्चला साबरमतीहून निघाली आणि ६ एप्रिलला गांधीजींनी दांडीला मीठ उचलले. दृश्यात लोक शाली पांघरून असतील किंवा रस्त्यावर चिखल असेल, तर शंका घ्या. कॅमेरामनची टिपणे, त्या दिवसांची वर्तमानपत्रे आणि छायाचित्रे यांच्याशी दृश्य ताडून पाहा. आवाजही वेगळा तपासा. मूक दृश्यावर घोषणा नंतर चढवलेल्या असू शकतात.

३. हक्क
भारतीय कॉपीराइट कायद्यानुसार (१९५७) चित्रपटावरील हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षाच्या आरंभापासून ६० वर्षे टिकतो. १९५० मध्ये प्रकाशित झालेल्या चित्रपटाची मुदत २०१० च्या अखेरीस संपते. मात्र मुदत संपली तरी प्रत ज्या संस्थेकडे आहे, ती शुल्क आणि अटी लावू शकते. दृश्यातील संगीताचे हक्कही वेगळ्या व्यक्तीकडे असू शकतात.

४. नोंद
प्रत्येक शॉटपुढे स्रोत, टाइमकोड, तारीख, स्थळ, हक्कधारक आणि 'खात्री आहे की अंदाज' हे लिहा. अंदाजच असेल, तर निवेदनात तसे सांगा किंवा शॉट वगळा. एका गावच्या दंगलीचे दृश्य दुसऱ्या गावाच्या नावाने दाखवले, तर त्यात दिसणाऱ्या माणसांवर न केलेल्या कृत्याचा आळ येतो. शिवाय तुमचा माहितीपट उद्या दुसऱ्या संशोधकाचा स्रोत होतो आणि तीच चूक पुढे चालू राहते.

स्वाध्याय
तुमच्या शहराचे किंवा जिल्ह्याचे १९८० पूर्वीचे एक चित्रित दृश्य शोधा. शीर्षक झाकून, केवळ दृश्यातील खुणांवरून त्याचा ऋतू, काळ आणि स्थळ ठरवा. नंतर शीर्षकाशी ताडून पाहा. फरक आढळल्यास कोणता पुरावा अधिक भक्कम आहे, ते पाच ओळींत लिहा.