शनिवारवाड्यातील हाक

जुनी वास्तू ओस पडली की तिच्यात भूत येऊन राहते, असा आपल्याकडे रिवाजच आहे. लोह्याच्या माणसाला कंधारचा किल्ला जवळचा. पण भुताच्या बाबतीत मान पुण्याच्या शनिवारवाड्याचा. अमावास्येला, कोणी म्हणतात पौर्णिमेला, मध्यरात्री तेथे ‘काका, मला वाचवा’ अशी हाक उठते म्हणे.

ही हाक ज्या दिवसाची, तो दिवस आधी पाहू. ३० ऑगस्ट १७७३, भाद्रपद शुद्ध त्रयोदशी. गणपतीचे दिवस, आणि वेळ भर दुपारची. अमावास्या नाही, पौर्णिमा नाही, मध्यरात्र तर नाहीच. अठरा वर्षांचे नारायणराव पेशवे गारद्यांपुढून धावत चुलते रघुनाथराव यांच्याकडे गेले आणि तेथेच मारले गेले. मूळ हुकूम ‘धरावे’ असा होता, आनंदीबाईंनी ‘ध’चा ‘मा’ केला, असे लोक सांगतात. रामशास्त्र्यांनी मात्र रघुनाथरावांनाच दोषी ठरवून देहान्त प्रायश्चित्त सांगितले.

आम्हां कामगार चळवळीतल्या माणसांचे लक्ष दुसरीकडेच जाते. गारदी वाड्यात शिरले ते थकलेल्या पगाराची ओरड करीत. शिपायांचा पगार थकणे हा त्या काळच्या दरबारांचा जुनाच रोग. तेव्हा त्या गलक्याचे कोणाला फारसे नवल वाटले नसावे. खऱ्या मागणीच्या आडून खुनाचा बेत पार पडला! आणि धन्याला वाचवण्यासाठी चापाजी टिळेकर या सेवकाने त्याच्यावर अंग टाकले, तोही कापला गेला. दासीही मेल्या. त्यांची हाक मात्र कोणालाच ऐकू येत नाही. भूत व्हायलासुद्धा बहुधा घराणे लागते.

मग लोक ऐकतात ते काय? २७ फेब्रुवारी १८२८ रोजी वाड्याला आग लागली आणि ती कित्येक दिवस धुमसत राहिली. लाकडी मजले, खांब, दालने सारे गेले. तट, दरवाजे आणि जोती तेवढी उरली. नारायणराव ज्या दालनांतून धावले ती दालनेच आता नाहीत. अशा उघड्या आवारात रात्री वारा घुमतो, घुबड ओरडते. ऐकणाऱ्याला गोष्ट लहानपणापासून पाठ असते, म्हणून त्या आवाजाला शब्द फुटतात. ज्याला मराठी येत नाही, त्याला तेथे वाराच ऐकू येईल.

पुण्यास जाल तेव्हा वाडा दिवसाउजेडी पाहा. तेथे नारायण दरवाजा आहे. पेशव्यांचा देह त्या वाटेने बाहेर नेला असे सांगतात. चापाजीला कोठून नेले, तेही विचारून पाहा.